आवाज बंद असताना

तिची टीव्हीवरची सगळी कारकीर्द अकरा महिन्यांची, आणि त्यातलं आज काहीही शिल्लक नाही. तेव्हा नाटकं थेट जायची. इकडे बोललं की तिकडे लोकांच्या घरात दिसलं, आणि संपलं. टेप नाही, फिल्म नाही, एक धड फोटोसुद्धा नाही. टीव्हीच्या जुन्या दिवसांचा इतिहास लिहायला उद्या कोणी बसलंच, तर तिच्या वाट्याला जेमतेम एक ओळ येईल, आणि तीही बहुधा चुकीची. म्हणून हे एकदा नीट सांगून टाकलेलं बरं.

ती मूळची कापडाच्या गिरणीतली. बाप मागावर, आई होती तोवर आईही मागावर, आणि वयात आल्यावर ही थोरलीही मागावर. ज्याने मागखातं पाहिलेलं नाही त्याला तिथला आवाज सांगून कळायचा नाही. शे-दीडशे माग एकदम धडधडायला लागले की शेजारच्याच्या कानात ओरडलं तरी त्याला ऐकू जात नाही. त्यामुळे तिथे ओरडायच्या भानगडीत कोणी पडतच नाही. तिथली माणसं नुसत्या ओठांनी बोलतात. शब्द तोंडात नीट घडवायचा आणि आवाज न काढता समोरच्याला दाखवायचा. वीस माग पलीकडच्या बाईला इकडची बाई विचारते, "सुनेचं काय ठरलं?" आणि पलीकडची सविस्तर सांगते, वाटेत तीन नातेवाइकांची अब्रू काढून. मुकादमाला काही हे वाचता यायचं नाही. त्याच्याबद्दल त्याच्याच नाकासमोर काय काय बोललं जायचं ते न सांगितलेलं बरं.

घरातही तीच सवय. आई आणि आबा स्टोव्हच्या दोन बाजूंना उभे राहून एकमेकांची खरडपट्टी काढत, पण भिंतीपलीकडच्या शेजाऱ्यांना कधी चकार शब्द ऐकू गेला नाही. दोघी मुली माना इकडून तिकडे वळवत सगळं भांडण वाचत बसायच्या. थोरलीचे ओठ तर असे चालायचे की चष्मा घरी विसरून आलेला म्हाताराही खात्याच्या दुसऱ्या टोकावरून तिचं बोलणं वाचायचा. तिथे तिला नावच पडलं, ठळक.

आबांचा एक नेम होता. घरातलं कोणीही कामावरून आलं की ते दारातच विचारायचे, "सुटली शिफ्ट?" हो म्हटलं की पाण्याचं भांडं पुढे करायचे. आईला विचारायचे, आणि थोरली मागावर लागली त्या दिवसापासून तिलाही विचारायला लागले. पाहुण्याला, शेजाऱ्याला, आजारी पडून घरी बसलेल्याला हा प्रश्न नसे. माणूस मऊ नव्हता, कौतुक करणं त्याला जमत नसे, पण या दोन शब्दांत त्याच्याकडचा सगळा मान येऊन जायचा. पहिल्या दिवशी तो प्रश्न ऐकून ती एवढी फुगली होती की पाणी प्यायचंच विसरली.

गिरणीवर दहा मिनिटांची फिल्म करायला टीव्ही केंद्राची मंडळी आली आणि इथून गोष्टीला तोंड फुटलं. खात्यात माइक लावून उपयोग नव्हता, म्हणून त्यांनी नुसती चित्रं घेतली. केंद्रावर जाऊन ती पाहिली तर दिग्दर्शक एकदम म्हणाला, "थांबा, ही मुलगी काय बोलतेय ते मला कळतंय." चार वेळा फिल्म मागे-पुढे करून सगळ्यांनी वाचलं. ती शेजारणीला सांगत होती, "हा टोपीवाला कोण उपटसुंभ मधेच येऊन उभा राहिलाय? एकदा धोटा पेकाटात बसला म्हणजे कळेल." टोपीवाला म्हणजे स्वतः दिग्दर्शकच. सूत वाहणारा तो लाकडी धोटा मागावरून सुटून लागला तर खरंच काही धडगत नसते, हे त्याला नंतर कळलं आणि तो आणखीच खूष झाला. आठवड्याभरात त्याने तिला बोलावणं धाडलं. गुरुवारी संध्याकाळी सात वाजता दर आठवड्याला नवं नाटक सुरू करायचं होतं आणि रंगभूमीवरची नामवंत मंडळी टीव्हीकडे ढुंकून पाहायला तयार नव्हती.

तिने विचार करायला दोन दिवस घेतले आणि तिसऱ्या दिवशी आबांना सांगितलं. आबा जेवत होते. हात न थांबवता म्हणाले, "रंग फासून उभं राहणं हे काम नव्हे."

"का नव्हे?"

"कामाच्या शेवटी हातात काहीतरी राहतं. माझ्या हातात संध्याकाळी कापड असतं. तुझ्या हातात काय असणार आहे?"

तिने आपल्या रिकाम्या हातांकडे पाहिलं. मग म्हणाली, "तरी मी जाणार."

"जा. मला ते काम वाटलं, तर मी स्वतः सांगेन. तोवर या घरात येऊ नकोस."

ती गेली. बापासारखीच हट्टी. नोकरी करणाऱ्या बायकांसाठी एक वसतिगृह होतं, तिथे एक खाट, एक कपाट आणि खिडकीत ठेवायला परवानगी नसलेला स्टोव्ह, एवढ्यावर तिने बिऱ्हाड मांडलं. पहिली रात्र रडून काढली हे तिने पुढे कधी लपवलं नाही.

केंद्र म्हणजे एक जुनं गोदाम होतं. आत प्लायवुडच्या तीन-तीन भिंतींच्या खोल्या मांडलेल्या, दार जोरात लावलं की भिंत हलायची, म्हणून रागावून निघून जातानाही दार हळूच लावायचं. दिव्यांची धग अशी की पहिल्या पंधरा मिनिटांत मेणबत्त्या आपोआप वाकायच्या. पांढरं नेसायचं नाही, कॅमेऱ्याला चकाकतं. ओठांना लाल रंग लावायचा नाही, तो काळा दिसतो, रंगवाले काका त्याऐवजी मातकट तपकिरी फासायचे आणि म्हणायचे, "आरशात बघू नका बाई, घाबराल." एका खोलीतला प्रवेश संपला की कॅमेऱ्यांच्या जाड केबली ओलांडत, वाकून, आवाज न करता पळायचं, पळता पळता साडी बदलायची आणि दुसऱ्या खोलीत दोन वर्षांनी म्हातारं होऊन बसायचं. हे सगळं एकदाच. चुकलं तर चुकलेलंच लाखभर लोकांनी पाहिलेलं असायचं.

सुरुवातीला सगळे तिला हसले. ती फार तोंड हलवते, घास चावल्यासारखी बोलते, असं म्हणायचे. ती आरशासमोर बसून ओठ आवरायला शिकली. पण शब्द मात्र तिने कधी गिळला नाही. आठवड्याला नव्वद पानं पाठ करायची, शिवाय दुसऱ्यांचीही, कारण मुख्य भूमिका करणारे एक भारदस्त गृहस्थ होते ज्यांना सगळे भारदस्तच म्हणत आणि ज्यांची स्मरणशक्ती त्यांच्या आवाजाच्या निम्मीही नव्हती. ते अडकले की ही त्यांचं वाक्य आपल्या वाक्यात घालून प्रश्न विचारायची, ते "अर्थात" म्हणून मोकळे व्हायचे. लोक म्हणायचे, काय पकड आहे त्यांची.

तेही जमलं नाही तर शेवटचा एक उपाय होता. आवाजाच्या खोलीत बसणाऱ्या म्हाताऱ्याने तो शोधून काढला होता. कोणी पार अडकलं, की समोरच्याने आवाज न काढता ओठ हलवायला लागायचं, एक ते पंधरा आकडे मोजायचे. ते दिसलं की म्हातारा सगळे माइक बंद करायचा. पाहणाऱ्यांना वाटायचं, आपल्या टीव्हीचा आवाज गेला. ते उठून पेटीवर चापट मारायचे. तेवढ्यात इकडे प्रॉम्प्टर कोपऱ्यातून विसरलेलं वाक्य चक्क ओरडून सांगायचा. मग आवाज परत यायचा आणि घरोघरी लोकांना वाटायचं, आपली चापट लागू पडली.

रविवारी धाकटी तिला बागेत भेटायची. घरची खबरबात सांगायची, आबांचा विषय आला की आपल्या चपला न्याहाळायची. पाचव्या महिन्यात एका रविवारी मात्र ती आल्या आल्या म्हणाली, "ताई, आबा तुला बघतात."

"कुठे बघतात? घरात टीव्ही नाही."

"रेडिओच्या दुकानात. म्हणजे दुकान बंद झाल्यावर. तो दुकानदार शोकेसमधला टीव्ही चालू ठेवतो ना, गिऱ्हाईक लागावं म्हणून. तिथे फुटपाथवर उभे असतात. दर गुरुवारी. मला म्हणाले होते गिरणीत जादा काम आहे."

"पण काचेतून ऐकू कुठे येतं?"

धाकटी हसायला लागली. "त्यांना कशाला ऐकू यायला हवं?"

तिने सांगितलं ते असं. काचेबाहेर पंधरा-वीस माणसं उभी असतात. चित्र दिसतं, आवाज नाही. पहिल्या एक-दोन गुरुवारी आबा नुसते पाहत होते. मग शेजारचा कोणी म्हणाला, काय बोलतायत देव जाणे. आबा म्हणाले, "ती म्हणतेय, पत्र मी जाळलं नाही." त्यानंतर त्यांची सुटका नव्हती. लोक त्यांना पुढे करायचे, आणि रंग फासण्याला नाव ठेवणारा हा माणूस फुटपाथवर उभा राहून नाटकातल्या सगळ्यांची वाक्यं म्हणायचा, नवऱ्याची, बायकोची, खुन्याची आणि पोलिसाचीही. भारदस्तांवर त्यांचा विशेष राग होता. "हा मिशीत बोलतो," म्हणायचे, "याला मागावर ठेवला असता तर दोन दिवसांत हाकलला असता." आणि कॅमेऱ्याने थोरलीची पाठ दाखवली की काचेवर टकटक करायचे.

"आणि माझ्याबद्दल काय म्हणतात?"

"काही नाही. तू बोलतेस ते सांगतात. बाकी काही नाही."

हे ऐकून ती आनंदाने नाचली असेल असं कोणाला वाटेल. तसं नव्हतं. तिला आनंद झाला आणि त्याच्या दुप्पट राग आला. पाहायला येतो, वाक्यं म्हणतो, आणि काम म्हणायला मात्र त्याची जीभ रेटत नाही. तिने त्या बाकावर बसूनच ठरवलं, की या माणसाकडून ते वदवून घ्यायचंच.

दुसऱ्या दिवसापासून तिने दिग्दर्शकाचं डोकं खायला सुरुवात केली. कॅमेऱ्याकडे पाठ करून ती उभीच राहीना. दिग्दर्शक वैतागला. "अहो बाई, इथे खिडकीकडे तोंड करून रडायचंय. पाठीतून रडता आलं पाहिजे."

"पाठीला ओठ नसतात."

"लोकांना ऐकू येतंय ना."

"सगळ्यांनाच नाही येत," ती म्हणाली, आणि खिडकीच उचलून समोर मांडायला लावली. त्याने मांडली, कारण गुरुवारच्या नाटकाला येणाऱ्या पत्रांपैकी निम्मी तिच्या नावाची होती.

असे आणखी सहा महिने गेले. आबा दर गुरुवारी काचेबाहेर. निरोप नाही, चिठ्ठी नाही. धाकटी दर रविवारी नकाराची मान हलवायची.

अकराव्या महिन्यात वकिलाच्या घरातलं एक नाटक होतं. भारदस्त वकील, ही त्याच्याकडे भावासाठी दाद मागायला आलेली बहीण. तिसऱ्या अंकात भारदस्तांचं दीड पानाचं भाषण होतं. ते उठले, मेजावर मूठ आपटली, आणि थांबले. डोळे काचेच्या गोट्यांसारखे झाले. तिने एक प्रश्न विचारला, दुसरा विचारला. गृहस्थ नुसते घामाने निथळत होते. लाल दिवा पेटलेला कॅमेरा तिच्या चेहऱ्यासमोर होता. तिने आवाज बंद केला आणि ओठांनी मोजायला लागली. एक, दोन, तीन. आवाजाच्या खोलीत म्हाताऱ्याने माइक बंद केले. कोपऱ्यातून प्रॉम्प्टर भाषण ओरडायला लागला.

चारला तिच्या मनात आलं, की या घटकेला शहरभर लोक पेट्यांवर चापट्या मारतायत आणि एका फुटपाथवर कोणालाही काही बिघडलंय असं वाटत नाहीये. तिथे आवाज कधी नव्हताच.

"आबा," ती ओठांनी म्हणाली. "ऐका. उभं राहून पाय सुजलेत माझे. तोंडावर रंग आहे, पण घाम खरा आहे. रोज बारा तास घालते. माझ्या हातात काही राहत नाही, पण हे काम आहे, आबा. आता तरी घरी येऊ का?"

चेहरा मात्र वकिलाला विनवणाऱ्या बहिणीचाच होता. भारदस्तांना वाक्य सापडलं, आवाज परत आला, नाटक पार पडलं. दिग्दर्शकाने तिची पाठ थोपटली. त्याच्या मते ती मोजत होती.

रविवारी धाकटी धावतच आली. ती त्या दिवशी गर्दीत मागे उभी होती. तिनेही सगळं वाचलं होतं. "लोक विचारत होते, काका, काय म्हणाली? सांगा की. आबा म्हणाले, नीट दिसलं नाही. आणि अर्ध्यातून निघून गेले."

"घरी काय म्हणाले?"

"काही नाही. जेवले नाहीत."

आणि त्याच आठवड्यात केंद्रावर ते पत्र आलं. बहिऱ्या मुलांच्या शाळेतल्या एका शिक्षिकेचं होतं. शाळेला कोणी टीव्ही भेट दिला होता आणि मुलं दर गुरुवारी न चुकता नाटक बघत, कारण एका बाईंचं बोलणं त्यांना पूर्ण वाचता यायचं. पत्रात तक्रार मुळीच नव्हती. शिक्षिकेने लिहिलं होतं, की मुलांना गोष्ट सगळी समजली, फक्त वकिलाच्या घरात हे आबा कोण ते कळलं नाही. आणि मुलं रोज विचारतायत, त्या आबांनी तिला घरी घेतलं का? कृपया कळवावं. त्या पत्राचं उत्तर द्यायला ती पुढे स्वतः शाळेत गेली आणि सव्वीस वर्षं तिथेच शिकवायला राहिली. पण पत्र आलं तेव्हा उत्तर तिलाच माहीत नव्हतं.

केंद्रप्रमुखांनी तिला बोलावलं. दिग्दर्शक खिडकीशी खाली मान घालून उभा होता. प्रक्षेपणावरून घरगुती निरोप धाडणं हा मोठा गुन्हा होता, पण प्रमुख काही दुष्ट माणूस नव्हते. त्यांनी कोरा कागद पुढे सरकवला.

"एवढंच लिहा, की तुम्ही नेहमीप्रमाणे आकडे मोजत होता. मुलांनी काहीतरी भलतंच वाचलं. विषय संपला."

तिला ते काम सोडवत नव्हतं. त्या गोदामावर, त्या हलणाऱ्या भिंतींवर तिचा जीव जडला होता, आणि तसं काम तिला पुन्हा कुठे मिळणार नव्हतं. तिने पेन उचललं. मग म्हणाली, "मुलांनी बरोबर वाचलंय, साहेब. एकही शब्द चुकला नाही. मी असं लिहिलं, तर ती खोटी ठरतील."

"मुलांना कोण विचारायला जाणार आहे?"

"त्यांना त्यांच्या बाई सांगतील, तुम्ही चुकलात म्हणून. आणि ती पुन्हा कोणाच्या ओठांवर विश्वास ठेवणार नाहीत."

तिने कागदावर लिहिलं, 'मुलांनी जे वाचलं, तेच मी बोलले,' आणि खाली सही केली. दिग्दर्शक काहीतरी म्हणायला गेला. तिने त्याला हाताने थांबवलं. त्याच दिवशी तिचं काम गेलं; निघताना रंगवाल्या काकांनी तिला तपकिरी रंगाची अर्धी कांडी दिली. तेवढीच तिच्या हातात राहिली.

पुढच्या गुरुवारी सात वाजता तिला वसतिगृहात बसवेना. ती चालत निघाली आणि रेडिओच्या दुकानासमोर, रस्त्याच्या अलीकडच्या बाजूला येऊन थांबली. मधून ट्रक जात होते, गाड्यांचा नुसता कलकलाट होता. पलीकडे शोकेसचा निळा उजेड आणि त्यासमोर माणसांच्या पाठी. सगळ्यात पुढे आबा. सहा महिने ती धाकटीच्या तोंडून हे पाहत आली होती. आबा आणखी वाकलेत हे मात्र धाकटीने सांगितलं नव्हतं.

काचेत तिच्या जागी दुसरी मुलगी होती, देखणी होती, भराभर बोलत होती. लोक आबांना कोपराने ढोसत होते. आबांनी बराच वेळ पाहिलं. मग मान हलवली, हात झटकले आणि वळले. वळताना त्यांचा चेहरा दिसला, आणि रस्त्यापलीकडून तिला त्यांचे ओठ स्वच्छ वाचता आले. "ती नाही आज. दुसऱ्यांचं मला नाही जमत."

मग त्यांना ती दिसली.

ती हलली नाही. ठरवूनच हलली नाही. अकरा महिन्यांपूर्वी ज्याने सांगेन म्हटलं होतं, त्याने आता सांगायला हवं होतं. मधून एक ट्रक गेला, दुसरा गेला. दोन्ही वेळा तिला वाटलं, ट्रक सरकेल तेव्हा म्हातारा तिथे नसेल. आबा तिथेच होते. चेहऱ्यावर नेहमीचाच कडक भाव होता. त्यांनी एकदा काचेकडे पाहिलं, एकदा तिच्याकडे, आणि रस्त्याच्या त्या गोंगाटात, आवाज न काढता, खात्यात बोलतात तसं सावकाश विचारलं,

"सुटली शिफ्ट?"

तिने आणखी एक ट्रक पुढे जाऊ दिला, म्हणजे ओठ नीट दिसतील.

"सुटली, आबा," ती ओठांनी म्हणाली, आणि रस्ता ओलांडायला लागली.